संगणकावरील गेम काढून जागा मोकळी करणे : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

संगणकाची डिस्क भरली की सर्वांत आधी नजर जाते ती गेमकडे, आणि ते योग्यच आहे; वर्षानुवर्षांची कागदपत्रे मिळून जेवढी जागा व्यापत नाहीत, तेवढी एखादा मोठा गेम एका रात्रीत व्यापतो. मात्र गेम काढण्याच्या घाईत दोन वेगळ्या गोष्टींची गल्लत होते. गेमच्या फाइली पुन्हा डाउनलोड करता येतात. त्या गेममध्ये आपण घालवलेल्या तासांची नोंद मात्र एकदा पुसली गेली की बहुधा परत मिळत नाही. खालील उत्तरे हा फरक समोर ठेवून लिहिली आहेत. ती मुख्यतः विंडोज असलेल्या संगणकांना लागू पडतात; मॅकविषयीचा प्रश्न वेगळा घेतला आहे.

गेम अनइन्स्टॉल केला, तर माझी सेव्ह केलेली प्रगतीही जाते का?

याचे उत्तर गेमगणिक बदलते, म्हणूनच हा प्रश्न पहिला घेतला आहे. बहुतेक गेम आपल्या सेव्ह फाइली गेमच्या फोल्डरमध्ये न ठेवता वापरकर्त्याच्या फोल्डरमध्ये ठेवतात. 'डॉक्युमेंट्स'मधला 'माय गेम्स' हा फोल्डर, 'सेव्ह्ड गेम्स' हा फोल्डर आणि 'ॲपडेटा'मधले 'लोकल', 'लोकललो' व 'रोमिंग' हे तीन फोल्डर, या त्यांच्या नेहमीच्या जागा होत. युनिटी इंजिनवर (गेम बनवण्याच्या एका साधनावर) बांधलेल्या अनेक गेमच्या सेव्ह फाइली 'लोकललो'मध्ये सापडतात. गेम काढला तरी या जागांना सहसा धक्का लागत नाही, आणि तोच गेम पुन्हा टाकल्यावर खेळ जिथे थांबला होता तिथून सुरू होतो.

परंतु 'सहसा' या शब्दावर विसंबून राहू नये. काही गेम, विशेषतः जुने, सेव्ह फाइली स्वतःच्याच फोल्डरमध्ये ठेवतात आणि त्या गेमबरोबर जातात. काही गेम काढताना 'सेव्ह केलेला डेटाही काढायचा का?' असे विचारणारी खिडकी येते, आणि आपण एका लयीत 'पुढे, पुढे, होय' दाबत गेलेले असतो. शहरबांधणीच्या एका लहानशा गेममध्ये कित्येक महिने रोज थोडे थोडे उभारलेले शहर मी असेच गमावले. नंतर फोल्डर उघडून पाहिला, तेव्हा त्यात शून्य केबीची एक लॉग फाइल तेवढी उरली होती. त्या शहराच्या सगळ्या सेव्ह फाइली मिळून ४० एमबीसुद्धा भरत नव्हत्या. म्हणजे जागेच्या दृष्टीने त्या पुसून काहीच साधले नव्हते.

म्हणून गेम काढण्यापूर्वी सेव्ह फाइलींचा फोल्डर शोधून त्याची प्रत पेन ड्राइव्हवर किंवा दुसऱ्या डिस्कवर करून ठेवावी. 'ॲपडेटा' हा फोल्डर लपवलेला असतो. फाइल एक्सप्लोररच्या 'व्ह्यू' मेनूतील 'हिडन आयटम्स' हा पर्याय चालू केला की तो आपल्या नावाच्या फोल्डरमध्ये दिसू लागतो. माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीबाबत ही काळजी अधिकच घ्यावी. त्यात एकट्याने खेळताना तयार केलेली जगे फक्त आपल्याच संगणकावर, 'रोमिंग'मधील माइनक्राफ्टच्या फोल्डरात 'सेव्ह्ज' या नावाखाली असतात, आणि जागेसाठी तो अख्खा फोल्डर पुसणारा माणूस आपली सगळी जगेही पुसतो.

क्लाउडवर सेव्ह होते असे लिहिलेले असेल, तर प्रत करण्याची गरज आहे का?

गेम क्लाउडला, म्हणजे इंटरनेटवरील साठ्याला, जोडलेला असेल तर धोका बराच कमी होतो, पण ही सोय प्रत्येक गेममध्ये नसते. स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानावर एका गेमची प्रगती क्लाउडवर जाते म्हणून शेजारच्या गेमचीही जात असेल, असे समजू नये. ते गेमच्या निर्मात्यांनी ठरवलेले असते. लायब्ररीत गेमच्या पानावर क्लाउडची स्थिती दाखवलेली असते, ती पाहावी. गेम काढण्याआधी तो एकदा इंटरनेट चालू असताना उघडावा, नीट बंद करावा आणि सिंक (क्लाउडशी जुळणी) पूर्ण झाल्याचे दिसेपर्यंत थांबावे.

आणखी एक गोष्ट सांगणे आवश्यक वाटते. क्लाउड म्हणजे बॅकअप नव्हे. तो दोन्हीकडची स्थिती सारखी ठेवतो, त्यामुळे गेममध्ये जाऊन एखादी सेव्ह फाइल पुसली तर ती क्लाउडवरूनही जाते. ज्या गेममध्ये शंभर तास घातले आहेत त्याची वेगळी प्रत असलेली केव्हाही बरी.

विकत घेतलेला गेम काढला, तर पुन्हा विकत घ्यावा लागतो का?

नाही. स्टीम, एपिक किंवा गॉग यांसारख्या दुकानांतून घेतलेला गेम आपल्या खात्याला जोडलेला असतो, संगणकाला नव्हे. तो काढल्यावरही लायब्ररीत दिसत राहतो आणि हवा तेव्हा पुन्हा डाउनलोड करता येतो. मात्र स्टीममध्ये 'अनइन्स्टॉल' आणि 'खात्यातून कायमचा काढणे' हे दोन वेगळे पर्याय आहेत. दुसरा पर्याय जागा मोकळी करण्यासाठी नाही, त्याच्या वाटेला जाऊ नये.

आधी कोणता गेम काढावा?

पुष्कळ जण लहान लहान गेम काढायला लागतात, कारण ते काढताना मनाला लागत नाही. तसे दहा गेम काढूनही हाती फारसे काही येत नाही. स्टार्ड्यू व्हॅलीसाठी जेमतेम ५०० एमबी जागा मागितली जाते, तर बाल्डर्स गेट ३ आणि रेड डेड रिडेम्प्शन २ यांच्यासाठी प्रत्येकी १५० जीबी. म्हणजे यांतला एक मोठा गेम काढणे हे पहिल्यासारखे तीनशे गेम काढण्याच्या बरोबरीचे आहे. म्हणून यादी आकारानुसार लावावी आणि वरून खाली यावे.

विंडोज ११ मध्ये 'सेटिंग्ज', 'ॲप्स', 'इन्स्टॉल्ड ॲप्स' असे गेल्यावर यादी आकारानुसार लावता येते. परंतु लाँचरमधून, म्हणजे स्टीमसारख्या दुकानाच्या प्रोग्रॅममधून, टाकलेल्या गेमचा आकार तिथे पुष्कळदा कोरा किंवा चुकीचा दिसतो, त्यामुळे आकडा शक्यतो लाँचरमध्येच पाहावा. स्टीमच्या 'सेटिंग्ज'मधील 'स्टोरेज' या पानावर प्रत्येक ड्राइव्हवर कोणता गेम किती जागा घेतो हे दिसते, आणि एकाच वेळी अनेक गेमवर खूण करून ते काढताही येतात. संपूर्ण डिस्कचे चित्र हवे असेल तर विनडर्स्टॅट हा मोफत प्रोग्रॅम वापरावा. तो प्रत्येक फाइल तिच्या आकाराच्या रंगीत चौकोनाने दाखवतो, आणि सर्वांत मोठे चौकोन बघताक्षणी लक्षात येतात.

आकाराइतकाच दुसरा निकष म्हणजे तो गेम शेवटचा कधी खेळला. कथा पूर्ण झालेला, सहा महिन्यांत न उघडलेला मोठा गेम निःशंकपणे काढावा. मित्रांबरोबर आठवड्याला खेळला जाणारा गेम मोठा असला तरी राहू द्यावा. तो काढला तर दर वेळी पुन्हा डाउनलोड करण्यात वेळ आणि डेटा दोन्ही जातात.

गेम इतके मोठे का असतात?

मुख्यतः चित्रे आणि आवाज यांमुळे. गेममधल्या भिंतीवर, कपड्यावर किंवा चेहऱ्यावर चढवलेल्या चित्राला टेक्श्चर म्हणतात. प्रत्येक बाजूला २०४८ ठिपके असलेले टेक्श्चर न दाबता साठवले तर १६ एमबी होते. बाजू दुप्पट म्हणजे ४०९६ केली की तेच ६४ एमबी होते. बाजू दुप्पट झाली की आकार चौपट होतो, आणि एका गेममध्ये अशी हजारो टेक्श्चर असतात. ती दाबून साठवली तरी हे प्रमाण तेच राहते. त्यांत अनेक भाषांमधले संवाद आणि चित्रफितींच्या स्वरूपातली दृश्ये यांची भर पडते.

एक कारण मात्र सहज ध्यानात येत नाही. जुन्या, फिरत्या तबकडीच्या हार्ड डिस्कमध्ये वाचणारा काटा एका जागेवरून दुसऱ्या जागी जायला वेळ घेतो. तो वेळ वाचवण्यासाठी काही गेम एकच फाइल डिस्कवर अनेक ठिकाणी ठेवतात, म्हणजे प्रत्येक प्रसंगाला लागणारे सगळे साहित्य एकमेकांशेजारी सापडते. हेलडायव्हर्स २ या गेमची संगणकावरील आवृत्ती अशाच पुनरावृत्तीमुळे सुमारे १५० जीबीपर्यंत गेली होती. २०२५ च्या अखेरीस निर्मात्यांनी ही पुनरावृत्ती काढली आणि तोच गेम सुमारे २३ जीबीत बसू लागला. अशा बदलांमुळे एखादा गेम अपडेट केल्यावर जागा वाढण्याऐवजी कमी झाल्याचेही कधीकधी दिसते.

गेम काढण्याची योग्य पद्धत कोणती?

ज्या वाटेने गेम आला त्याच वाटेने तो काढावा. स्टीममध्ये लायब्ररीतील गेमच्या नावावर माउसचे उजवे बटण दाबून 'मॅनेज' आणि मग 'अनइन्स्टॉल' निवडावे. एपिकच्या लाँचरमध्ये गेमच्या नावाजवळच्या तीन टिंबांवर दाबल्यावर हा पर्याय मिळतो. एक्सबॉक्स ॲपमधून टाकलेला गेम त्याच ॲपमधून काढावा. डीव्हीडीवरून किंवा वेगळ्या इन्स्टॉलरने टाकलेला गेम विंडोजच्या 'इन्स्टॉल्ड ॲप्स'मधून किंवा कंट्रोल पॅनेलमधून काढावा.

सरळ गेमचा फोल्डरच पुसला तर काय बिघडते?

फाइली जातात, पण गेम गेल्याचे लाँचरला कळत नाही. स्टीम प्रत्येक गेमची नोंद 'स्टीमॲप्स' फोल्डरमधील एका लहानशा फाइलीत ठेवते. ती नोंद राहिली की गेम अजून संगणकावर आहे असे तिला वाटत राहते. विंडोजच्या यादीतही नाव राहते आणि डेस्कटॉपवर कुठेच न नेणारा शॉर्टकट उरतो. शिवाय हाताने पुसलेल्या फाइली बहुधा रिसायकल बिनमध्ये जातात, म्हणून बिन रिकामे करेपर्यंत एक जीबीसुद्धा मोकळा होत नाही. 'एवढे पुसले तरी डिस्क भरलेलीच' या तक्रारीमागे अनेकदा एवढेच असते. फोल्डर चुकून पुसला गेलाच असेल, तर लाँचरमधून तो गेम रीतसर अनइन्स्टॉल करावा, म्हणजे नोंदही जाते.

गेम काढला, तरी अपेक्षेएवढी जागा का मोकळी झाली नाही?

अनइन्स्टॉलर साधारणपणे त्याने स्वतः आणलेल्या फाइलीच नेतो. त्यानंतर आपण किंवा गेमने तयार केलेले पुष्कळ काही मागे राहते. माझ्याकडचा सुमारे ७० जीबीचा एक गेम काढल्यावर त्याच्या नावाचा फोल्डर जागच्या जागी होता आणि त्यात ९ जीबी भरलेले होते. उघडून पाहिले तर आत 'मॉड्स' नावाचा फोल्डर होता. ही सगळी हाताने टाकलेली मॉड (खेळाडूंनी बनवलेले बदल व भर) होती, आणि ती त्याने आणलेली नसल्यामुळे अनइन्स्टॉलरने त्यांना हात लावला नव्हता. असा उरलेला फोल्डर, आत सेव्ह फाइली नाहीत याची खात्री करून, हाताने पुसायला हरकत नाही.

खेळतानाचे रेकॉर्डिंग हा जागा खाणारा दुसरा मोठा प्रकार आहे. ५० एमबीपीएस (सेकंदाला ५० मेगाबिट) दर्जाने केलेले एका तासाचे रेकॉर्डिंग साडेबावीस जीबी होते, आणि पार्श्वभूमीत आपोआप रेकॉर्ड करणारी सोय चालू असेल तर ते आपल्या नकळत साठत जाते. विंडोजच्या गेम बारने केलेली रेकॉर्डिंग 'व्हिडिओज'मधल्या 'कॅप्चर्स' फोल्डरमध्ये असतात. गेम काढला तरी ती तिथेच राहतात, कारण त्यांचा गेमच्या फाइलींशी संबंध नसतो. स्टीम वर्कशॉपमधून घेतलेले, खेळाडूंनी बनवलेले साहित्य आणि अर्धवट राहिलेली डाउनलोड हीदेखील 'स्टीमॲप्स'मध्ये एकदा तपासून घ्यावीत.

गेम न काढता त्याचा आकार कमी करता येतो का?

काही गेममध्ये येतो, आणि हा मार्ग आधी तपासून पाहावा असे मला वाटते. जास्त बारकाव्याची टेक्श्चर अनेकदा वेगळा, ऐच्छिक भाग म्हणून दिली जातात. फॉलआउट ४ साठी २०१७ मध्ये आलेला असा भाग एकटाच सुमारे ५८ जीबीचा होता. आपला पडदा साध्या एचडी दर्जाचा असेल, तर अशा भागाने चित्रात पडणारा फरक डोळ्यांना क्वचितच जाणवतो. स्टीममध्ये गेमच्या 'प्रॉपर्टीज'मध्ये 'डीएलसी' या विभागात जाऊन नको असलेल्या भागावरची खूण काढली की तेवढाच भाग निघून जातो. काही गेम एकट्याने खेळायचा आणि अनेकांबरोबर खेळायचा असे भाग वेगवेगळे काढू देतात. तिथे कथा संपल्यावर तेवढाच भाग काढून टाकावा.

गेम दुसऱ्या ड्राइव्हवर हलवता येतो का?

येतो, आणि इंटरनेट मंद असणाऱ्यांसाठी तो काढण्यापेक्षा चांगला उपाय आहे. स्टीममध्ये 'प्रॉपर्टीज'मधील 'इन्स्टॉल्ड फाइल्स' या विभागात गेम हलवण्याचा पर्याय आहे; त्यासाठी दुसऱ्या ड्राइव्हवर आधी स्टीमचे लायब्ररी फोल्डर तयार करावे लागते. हाताने कापून दुसरीकडे चिकटवण्यापेक्षा हाच मार्ग घ्यावा, कारण तो नोंदीही बदलतो.

बाहेरून जोडलेल्या फिरत्या हार्ड डिस्कवरून मोठा गेम खेळता येतो, पण तो उघडायला वेळ लागतो, आणि काही नवे गेम एसएसडीच (फिरते भाग नसलेली वेगवान डिस्क) मागतात. म्हणून अशा डिस्कचा उपयोग कोठारासारखा करावा : सध्या न खेळायचे गेम तिथे ठेवावेत आणि खेळायची वेळ आली की परत आणावेत. डिस्क फॅट३२ पद्धतीने फॉरमॅट केलेली असेल तर ४ जीबी किंवा त्याहून मोठी एकही फाइल तिच्यावर जात नाही, आणि मोठ्या गेममध्ये अशा फाइली हमखास असतात. तेव्हा ती आधी एनटीएफएस पद्धतीने फॉरमॅट करून घ्यावी. फॉरमॅट करताना डिस्कवरचे सगळे पुसले जाते, हे विसरू नये.

पुन्हा डाउनलोड करायला किती वेळ लागेल?

गेमचा आकार जीबीमध्ये आणि इंटरनेटचा वेग एमबीपीएसमध्ये सांगितला जातो, पण आकार बाइटमध्ये आणि वेग बिटमध्ये असतो, आणि एका बाइटमध्ये आठ बिट असल्याने हिशेब चुकतो. १०० जीबीचा गेम १०० एमबीपीएसच्या जोडणीवर, वेग पूर्णवेळ टिकला तर, सुमारे सव्वादोन तासांत येतो. २० एमबीपीएसच्या जोडणीवर त्यालाच अकरा तासांहून अधिक लागतात. मोजका डेटा मिळणाऱ्या योजनेवर असाल, तर काढण्याआधी हा हिशेब जरूर मांडावा.

गेमबरोबर आलेले इतर प्रोग्रॅमही काढावेत का?

'व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल' या नावाने यादीत पाच-सहा नोंदी दिसतात. त्या एकसारख्या वाटल्या तरी वेगवेगळ्या आवृत्त्या असतात, त्यांवर इतर अनेक प्रोग्रॅम अवलंबून असतात आणि त्या जागाही नगण्य घेतात. त्यांना हात लावू नये. फसवणूक रोखणारे प्रोग्रॅम मात्र वेगळे पाहावेत. उदाहरणार्थ, रायट कंपनीच्या व्हॅलोरंटसोबत येणारा व्हॅनगार्ड हा यादीत स्वतंत्र असतो, आणि गेम काढल्यावर तो स्वतंत्रपणेच काढावा लागतो. तो संगणक सुरू होतानाच चालू होत असल्यामुळे, त्याची गरज असलेला एकही गेम उरला नसेल तर ठेवू नये.

रजिस्ट्री (विंडोजचा सेटिंग्जच्या नोंदींचा साठा) 'साफ' करण्याचे आश्वासन देणारे प्रोग्रॅम या कामासाठी घेऊ नयेत. रजिस्ट्रीत उरलेल्या नोंदींची जागा केबींत मोजावी एवढीच असते, आणि चुकीची नोंद पुसली गेली तर होणारा त्रास मोठा असतो.

वारंवार गेम काढल्या-टाकल्याने एसएसडी झिजते का?

लिहिण्याने एसएसडी झिजते हे खरे आहे, परंतु प्रमाण पाहावे. १ टीबीच्या अनेक सर्वसाधारण एसएसडींना ६०० टीबी लेखनाची हमी दिलेली असते. म्हणजे १०० जीबीचा गेम सहा हजार वेळा टाकता येईल. रोज एक टाकला तरी सोळा वर्षे जातील. याची चिंता करू नये. चिंता करायची तर डिस्क काठोकाठ भरल्याची करावी. एसएसडीला नवे लिहिण्यासाठी आधी मोकळे केलेले कप्पे लागतात. ते कमी पडले की तिला जुना मजकूर हलवत, पुसत लिहावे लागते आणि वेग घसरतो. म्हणून दहा ते वीस टक्के जागा मोकळी ठेवावी. स्टीमवरचे मोठे अपडेट लागू होतानाही गेमच्या फाइली नव्याने रचल्या जातात आणि त्यासाठी तात्पुरती जास्तीची जागा लागते. ती नसेल तर अपडेट अडून बसते.

१ टीबीची डिस्क घेतली, मग संगणक ९३१ जीबी का दाखवतो?

जागा कुठेही हरवलेली नाही. डिस्क बनवणारे १ जीबी म्हणजे शंभर कोटी बाइट मानतात, तर विंडोज १०२४ च्या पटीने मोजते. याच कारणाने ५१२ जीबीची डिस्क ४७६ जीबी दिसते.

मॅकवर गेम कसा काढावा?

स्टीममधून टाकलेला गेम स्टीममधूनच काढावा. इतर गेम 'ॲप्लिकेशन्स' फोल्डरमधून ट्रॅशमध्ये ओढावा आणि ट्रॅश रिकामा करावा. त्याच्या सेव्ह फाइली व इतर साहित्य बहुधा वापरकर्त्याच्या 'लायब्ररी' फोल्डरमधील 'ॲप्लिकेशन सपोर्ट'मध्ये मागे राहते. 'लायब्ररी' लपवलेली असते. फाइंडरच्या 'गो' मेनूत असताना ऑप्शन हे बटण दाबून धरले की ती दिसते.

घरातल्या अनेकांचा एकच संगणक असेल, तर काय पाहावे?

गेम एकदाच टाकलेला असला तरी सेव्ह फाइली प्रत्येकाच्या विंडोज खात्यात वेगवेगळ्या असतात. सगळे जण एकाच खात्यातून खेळत असतील, तर सर्वांची प्रगती एकाच फोल्डरमध्ये असते आणि आपल्याला कंटाळवाणा झालेला गेम धाकट्या भावंडाचा आवडता असू शकतो. काढण्याआधी विचारावे, आणि त्यांच्या सेव्ह फाइलींची प्रत त्यांच्यादेखत करून ठेवावी.

अनइन्स्टॉल मध्येच थांबते किंवा त्रुटी दाखवते, तेव्हा काय करावे?

बहुतेक वेळा गेम किंवा त्याचा एखादा भाग मागे चालूच असतो. टास्क मॅनेजर उघडून तो बंद करावा, लाँचर पूर्ण बंद करून पुन्हा उघडावा आणि पुन्हा प्रयत्न करावा. तरीही जमले नाही तर संगणक रीस्टार्ट करून गेम न उघडता थेट काढावा. गेमच्या फाइलीच बिघडल्या असतील तर अनइन्स्टॉलरही अडतो. अशा वेळी स्टीममधील 'फाइल्सची पडताळणी' हा पर्याय चालवून फाइली दुरुस्त करून घ्याव्यात आणि मग गेम काढावा. आधी दुरुस्त करून मग काढणे उलटे वाटेल, पण अडकलेला अनइन्स्टॉलर त्याने बहुधा मोकळा होतो.